प्रश्न वाचकांचे : तेरेझे गीझे आणि 'मदर करेज'ची गाडी

मागच्या अंकात तेरेझे गीझे (१८९८–१९७५) या जर्मन चरित्र अभिनेत्रीवर आम्ही दीड पानाचा लेख दिला होता. म्युनिकची ही ज्यू नटी नाझींमुळे देश सोडून झुरिकला गेली आणि जर्मन नाटककार ब्रेख्तच्या 'मदर करेज' या नाटकाच्या पहिल्या प्रयोगात तिनं करेज, म्हणजे सैन्यामागून मालाची गाडी घेऊन फिरणारी व्यापारीण, उभी केली, एवढंच त्यात आलं होतं. त्यावर बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी आणि भालकी इथून पत्रं आली. बहुतेक पत्रं हौशी नाटकवाल्यांची आहेत, म्हणून उत्तरंही मंचावर उपयोगी पडतील अशी दिली आहेत. सारखे प्रश्न एकत्र केले आहेत.

नाव नेमकं कसं उच्चारायचं? शाळेतल्या मुलींसाठी त्यांचा जीवनक्रम चार ओळींत मिळेल का? (शिक्षिका, निपाणी)

तेरेझे गीझे. आडनावातला 'एच' बोलायचा नाही, तो फक्त 'गी' लांबवतो. 'गीहसे' असं वाचू नका. हे आडनाव त्यांनी रंगभूमीसाठी घेतलं. जन्माचं आडनाव 'गिफ्ट', आणि जर्मनमध्ये या शब्दाचा अर्थ विष असा होतो.

चार ओळींत मात्र मावणार नाही. ६ मार्च १८९८ ला म्युनिकमध्ये जन्म. वडील कापडाचे व्यापारी. पहिलं महायुद्ध संपता संपता अभिनयाचं शिक्षण सुरू केलं आणि त्यानंतर झीगन, ग्लायवित्स, लांड्सहूट अशा लहान गावांच्या नाटकगृहांत उमेदवारी केली. १९२६ पासून म्युनिकच्या कामरश्पीले या नाटकगृहात दिग्दर्शक ओटो फाल्केनबेर्ग यांच्या हाताखाली काम. १ जानेवारी १९३३ ला एरिका आणि क्लाउस मान ही लेखक भावंडं आणि गीझेबाई यांनी मिळून 'पेफरम्युले' (मिरीची चक्की) हे राजकीय काबारे सुरू केलं. गाणी, नकला आणि छोटे प्रवेश असलेला तो कार्यक्रम. महिन्याभरात हिटलर सत्तेवर आला आणि मार्चमध्ये त्यांना देश सोडावा लागला. त्याच शरद ऋतूत झुरिकच्या हिर्शन हॉटेलात काबारे पुन्हा उभं राहिलं आणि पुढच्या तीन-चार वर्षांत युरोपभर त्याचे हजाराहून अधिक प्रयोग झाले. १९३७ ला न्यूयॉर्कमध्ये मात्र ते चाललं नाही. भाषेवरचे बारीक चिमटे भाषांतरात बोथट झाले. मग झुरिकचं शाउश्पीलहाउस हे नाटकगृह त्यांचं घर झालं. युद्धानंतर म्युनिक, झुरिक आणि काही वर्षं पूर्व बर्लिनमधली ब्रेख्तची नाट्यसंस्था बेर्लिनर आन्सांबल. १९७० ला, बहात्तराव्या वर्षी, पश्चिम बर्लिनच्या शाउब्यूने नाटकगृहात ब्रेख्तच्या 'आई' या नाटकातली पेलागेया व्लासोवा केली. ३ मार्च १९७५ ला म्युनिकमध्ये निधन.

मुलींना एक गोष्ट जरूर सांगा. १९३६ मध्ये त्यांनी जॉन हॅम्पसन या इंग्रज लेखकाशी लग्न केलं ते केवळ ब्रिटिश पासपोर्टसाठी. तेव्हाच्या कायद्यानं ब्रिटिश नागरिकाशी लग्न करणारी परदेशी बाई आपोआप ब्रिटिश प्रजा व्हायची. त्याच्या आदल्या वर्षी एरिका मान यांनी कवी ऑडनशी अशाच कारणानं लग्न केलं होतं. सीमाभागातल्या मुलींना कागदपत्रांची किंमत वेगळी समजावून सांगावी लागत नाही.

झुरिकचा १९४१ चा प्रयोग आणि बर्लिनचा १९४९ चा प्रयोग यांत फरक काय? आम्ही कुठला धरून बसवावा? (नाट्यसंस्था, बेळगाव)

झुरिकला १९ एप्रिल १९४१ ला पहिला प्रयोग झाला. दिग्दर्शन लेओपोल्ड लिंटबेर्ग यांचं, नेपथ्य टेओ ओटो यांचं, संगीत पाउल बुर्कहार्ड यांचं आणि करेज गीझेबाईंची. ब्रेख्त स्वतः तेव्हा फिनलंडमध्ये अडकलेला होता, त्यामुळे तो तालमीला नव्हता आणि प्रयोगालाही नव्हता. चहूबाजूंनी युद्ध पेटलेलं, प्रेक्षागृहात जीव वाचवून आलेली माणसं. त्यांना करेजमध्ये मुलं गमावणारी आई दिसली आणि लोक हेलावले. समीक्षकांनी तिची तुलना ग्रीक पुराणातल्या, मुलं गमावलेल्या निओबेशी केली.

ब्रेख्तला हे पटलं नाही. करेज युद्धावर पोट भरणारी व्यापारीण आहे आणि तीन मुलं गेल्यावरही ती काही शिकत नाही, हे प्रेक्षकाला दिसलं पाहिजे असा त्याचा आग्रह होता. म्हणून ११ जानेवारी १९४९ च्या बर्लिन प्रयोगाआधी त्यानं संहिता कडक केली. पहिल्या प्रवेशात करेज पट्ट्याच्या बकलाचा सौदा करण्यात गुंतते आणि तेवढ्यात भरतीवाला तिच्या थोरल्या मुलाला, आयलिफला, घेऊन जातो. पाचव्या प्रवेशात जखमींच्या पट्ट्यांसाठी शर्ट हवे असतात. आधीच्या संहितेत ती कुरकुरत का होईना ते देते. नव्या संहितेत देत नाही, तिच्याकडून ते ओढून घ्यावे लागतात. शेवटच्या प्रवेशात हेलेने वायगेल (ब्रेख्तची पत्नी, बर्लिनची करेज) मुलीच्या दफनाचे पैसे मोजून देताना एक नाणं परत थैलीत टाकायची. तिसऱ्या प्रवेशात धाकट्या मुलाला गोळ्या घालतात तेव्हा तोंड उघडून केलेला तिचा निःशब्द आक्रोशही प्रसिद्ध आहे. हे दोन्ही तपशील वायगेलचे आहेत. ते गीझेंच्या नावावर सांगू नका.

आमचं मत असं, की संहिता नंतरची घ्या. पण गीझेंच्या करेजला 'चुकीची' समजून बाजूला सारू नका. १९५० च्या ऑक्टोबरात ब्रेख्तनं स्वतः म्युनिकला हे नाटक बसवलं तेव्हा करेजसाठी त्यानं गीझेबाईंनाच घेतलं. बर्लिनच्या प्रयोगाची छायाचित्रं आणि टिपणं समोर ठेवून तालमी झाल्या, तरी बाईंनी त्या चौकटीत आपली स्वतःची करेज उभी केली आणि ब्रेख्तला ते आवडलं.

तिसऱ्या प्रवेशाची जागा नीट समजून घ्या, कारण हौशी प्रयोग तिथंच घसरतात. पकडलेल्या धाकट्या मुलाला सोडवायला २०० गुल्डन (तेव्हाचं नाणं) लागणार आहेत. गाडी गहाण ठेवून ते मिळतील, पण सगळे दिले तर पोट कशावर भरायचं? म्हणून ती १२० वर घासाघीस करते. उत्तर यायला उशीर होतो आणि ढोल ऐकू येतात. इथं नटी आधीपासून रडवेली असेल तर प्रवेश मेला. हिशेब करताना तिचा आवाज बाजारातला हवा, कोरडा आणि घाईचा. पाहायला लांब जाऊ नका. आठवडी बाजारात भाजी विकणारी मावशी घ्या. पैशाची चंची कमरेला कुठं खोचते, गिऱ्हाईक भाव पाडतं तेव्हा नजर कुठं ठेवते, नोट घेतल्यावर ती घडी करते की चुरगळून टाकते. तालमीत आठ दिवस नटीला खरी चिल्लर आणि खऱ्या नोटा मोजायला लावा. हातांना मोजण्याची सवय लागली, की दुःख कुठं ठेवायचं ते आपोआप कळतं.

आमचा मंच २२ फूट रुंद, १५ फूट खोल. फिरता रंगमंच नाही. करेजची गाडी कशी बांधायची? (खानापूर तालुका)

या प्रश्नावर सगळ्यात जास्त पत्रं आहेत, म्हणून सविस्तर.

आधी विंगेतून आत यायची जागा मोजा. बऱ्याच सभागृहांत ती जेमतेम चार फूट असते. गाडीची रुंदी साडेतीन फुटांवर नेऊ नका. लांबी सहा फूट, छताची कमान जमिनीपासून साडेसहा फूट. दोन इंची लाकडी चौकट किंवा एक इंची चौकोनी पाइप चालतो. सगळं मिळून वजन ६० किलोच्या आसपास ठेवा, कारण शेवटी ही गाडी एकट्या नटीला ओढायची आहे.

खरी चाकं लावू नका. वजन चार इंची रबरी कॅस्टरवर (तळाशी लावायच्या छोट्या चाकांवर) घ्या. मागचे दोन सरळ, पुढचे दोन फिरते. चारही फिरते लावले, की गाडी आडवी सरकते आणि नटांचं लक्ष ओढण्यापेक्षा सावरण्यात जातं. बाहेरून दिसणारी मोठी चाकं प्लायवूडच्या चकत्यांची, २४ ते २८ इंची. त्यांच्या कडेला जुन्या सायकलच्या ट्यूबची पट्टी चिकटवा आणि ती जमिनीला हलकी टेकेल इतक्या उंचीवर अक्ष बसवा. मग चाक गाडीबरोबर फिरतं. अधांतरी लटकणारं, न फिरणारं चाक पहिल्या रांगेतलं मूल लगेच ओळखतं. मंचावर काथ्या किंवा जाड सतरंजी अंथरू नका, कॅस्टर रुततात.

छताला बांबूच्या चार कमानी. निळी प्लास्टिकची ताडपत्री दिव्याखाली चकाकते. जुनं कॅनव्हास किंवा पोती शिवून घ्या, चहाच्या पाण्यात आणि गेरूत बुडवून वाळवा. सौंदत्तीच्या यल्लम्माला जाणाऱ्या गाड्यांचं छप्पर पाहिलं असेल तर धुरळ्याचा रंग वेगळा सांगायला नको. ओढायच्या पट्ट्यांना दोन इंची सुती नवार वापरा, नायलॉनची दोरी तिसऱ्या प्रयोगापर्यंत खांदा सोलते. मंच पुढे उतरता असेल तर लाकडी पाचर दोरीला बांधून गाडीलाच लटकवून ठेवा. ऐन वेळी पाचर सापडत नाही आणि गाडी पुढच्या दिव्यांवर जाते.

बर्लिनला फिरत्या मंचाच्या उलट दिशेनं गाडी चालायची, त्यामुळे माणसं चालतात पण पोचत नाहीत असा भास व्हायचा. तुमच्याकडे दोन मार्ग. पडद्यामागे पाच फुटांची वाट मोकळी असेल तर गाडी एका विंगेतून बाहेर काढून मागून फिरवून दुसऱ्या विंगेतून आणा. वाट नसेल तर गाडी मंचावरच ठेवा आणि प्रत्येक प्रवेशात तिचा कोन बदला. १५ फुटांच्या खोलीत सहा फुटी गाडी पूर्ण वळवायचा हट्ट धरू नका. ती अडते आणि प्रेक्षक हसतात.

गाडीवरच्या मालाचा तक्ता करून विंगेत चिकटवा. सुरुवातीला माल बेताचा, पट्टे, बूट, किटल्या. सातव्या प्रवेशात धंदा तेजीत असतो, करेजच्या गळ्यात चांदीच्या नाण्यांची माळ असते, तेव्हा गाडी भरगच्च दिसली पाहिजे. नंतर ती रिकामी आणि फाटकी होत जाते. ओढणारे हातही कमी होत जातात, सुरुवातीला दोन मुलगे आणि शेवटी ती एकटी. शेवटी 'जड दिसावी' म्हणून काही संस्था गाडीत गुपचूप वाळूची पोती टाकतात. करू नका. गाडी रिकामीच हवी, दमणूक नटीच्या पाठीत दिसू द्या.

अकराव्या प्रवेशात करेजची मुकी मुलगी कातरीन शेतकऱ्याच्या घराच्या छपरावर चढून ढोल बडवते आणि हल्ला होऊ घातलेल्या हाले शहराला जागं करते. हे छप्पर पाच फुटांहून उंच नको, मागच्या बाजूला प्रेक्षकांना न दिसणारा कठडा हवा. ती शिडी वर ओढून घेते, म्हणून शिडी बांबूची, हलकी. आपल्याकडे हलगी सहज मिळते म्हणून ती वापरायचा मोह होतो, पण तिचा आवाज उत्सवाचा आहे. लहान ढोल, एकाच काठीनं, ठेका न धरता.

आमच्या संस्थेत सगळ्या मुली विशीच्या. त्यातल्या एकीला साठीची बाई करायची आहे. गीझेंनी तरुणपणी म्हाताऱ्या केल्या, मग आमच्या प्रयोगात ते खोटं का दिसतं? (चिकोडी)

तीन गोष्टींनी. कापरा आवाज, वाकलेली कंबर आणि काळ्या पेन्सिलीनं ओढलेल्या सुरकुत्या.

गीझेबाई अंगानं भरलेल्या होत्या, चेहरा नायिकेचा नव्हता. तरुणपणापासून त्यांच्या वाट्याला आया, घरमालकिणी, हाउप्टमानच्या नाटकातली चोरटी धोबीण अशा बायका आल्या. या बायका वयानं कमी आणि कामानं जास्त ओळखता येतात. म्हणून आधी ठरवा की तुमच्या पात्रानं तीस वर्षं काय काम केलं. तंबाखूच्या वखारीत बसून पानं निवडलेल्या बाईची पाठ वेगळी, डोक्यावरून पाणी वाहिलेल्या बाईची मान वेगळी. निपाणी-चिकोडीकडे या दोन्ही बायका तुमच्या घरात किंवा गल्लीत आहेत. तासभर न बोलता नुसतं त्यांच्याकडे पाहा.

मग खुर्चीतून उठणं बसवा. तरुण माणूस एका झटक्यात उठतं. म्हातारं माणूस आधी कडेला सरकतं, पावलं मागे घेतं, हात मांडीवर टेकतं, अर्ध्यात थांबतं, मग उठतं आणि उठल्यावर लगेच चालत नाही, एक क्षण तोल सावरतं. एवढी एकच क्रिया रोज वीस वेळा करा. तालमीच्या पहिल्या दोन आठवड्यांत कमरेला दोन किलो वाळूची पिशवी बांधा, नंतर सोडा. शरीर वजन लक्षात ठेवतं. गुडघा किंवा पाठ आधीच दुखत असेल तर हा प्रयोग करू नका.

आवाज खोल करायला घसा दाबू नका, दुसऱ्या अंकात बसतो. वाक्याआधी श्वास घ्या, वाक्य तोडून बोला. वय वेगात असतं, पट्टीत नसतं.

रंगभूषेत काळी रेघ टाळा. ती पहिल्या रांगेत पट्ट्यासारखी दिसते आणि दहाव्या रांगेत दिसतच नाही. गालाच्या खळग्यात, डोळ्यांखाली, नाकाच्या बाजूला त्वचेपेक्षा दोन छटा गडद तपकिरी आणि गालाचं हाड, भुवईचं हाड, हनुवटी इथं फिकट छटा. कडा बोटानं मिटवा. हातांनाही लावा, नाहीतर साठीचा चेहरा आणि विशीचे हात दिसतात. केसांना पावडर टाकली तर मान वळवताच खांद्यावर पडते. पांढरा रंग थोड्या क्रीममध्ये कालवून जुन्या दात घासायच्या ब्रशनं फक्त कानशिलावर आणि भांगाला लावा.

मुलीची भाषा बेळगावी, कानडी वळणाची. स्पर्धेत 'प्रमाण बोला' म्हणून गुण कापले. गीझेंच्या भाषेबद्दल काय? (पालक, बेळगाव)

गीझेबाई बव्हेरियाच्या. त्यांच्या बोलण्यात म्युनिकची चव होती आणि ती त्यांनी पुसली नाही. ब्रेख्त आउग्सबुर्गचा, म्हणजे त्याच मुलखातला, आणि वयानंही त्यांच्यापेक्षा जेमतेम महिन्यानं मोठा. त्याला रंगमंचावर माणसाच्या तोंडची भाषा हवी होती. आयुष्याच्या शेवटी त्यांनी 'म्युन्शनर गेशिख्टन' या दूरचित्रवाणी मालिकेत आजी केली, तीही म्युनिकच्या बोलीत.

पण बोली म्हणजे ढिलाई नाही. शेवटचा शब्द गिळला जाता कामा नये. बेळगावी मराठीत वाक्य 'की'वर जातं. 'बसूया की', 'येतो की' म्हणताना 'की' उचलला जातो आणि आधीचं क्रियापद बुडतं. मुलीला क्रियापदावर जोर देऊन तेच वाक्य दहा वेळा म्हणायला लावा. 'काय करालाय' मधला 'रा' स्पष्ट ऐकू आला पाहिजे. एकाच पात्रात प्रमाण आणि बेळगावी अशी सरमिसळ झाली तर परीक्षकाला ती चूक वाटते, आणि ते बरोबर आहे. सगळी पात्रं बेळगावी बोलू द्या, किंवा कोण बोलेल ते संहितेतच लिहून ठेवा. करेज छावणीमागून फिरणारी बाई आहे, तिची भाषा चार मुलखांची असणारच. तिच्या तोंडी एखादा कानडी शब्द आला तर आमच्या मते नाटकाचं बळ वाढतं.

'चरित्र अभिनेत्री' म्हणजे नायिका होऊ न शकलेली नटी, असं आमच्याकडे समजतात. खरं काय? आणि 'म्हाताऱ्या बाईची भेट'मधली क्लेअर कशी करावी? (भालकी)

स्विस नाटककार फ्रीडरिश दुरेनमाट यांचं 'पदार्थवैज्ञानिक' हे नाटक १९६२ च्या फेब्रुवारीत झुरिकला आलं. त्यातलं वेड्यांच्या इस्पितळाच्या प्रमुखाचं पात्र त्यांनी आधी पुरुष म्हणून योजलं होतं. ते गीझेबाईंसाठी बाई झालं, पाठीला कुबड असलेली, पन्नाशी उलटलेली डॉक्टर. नाटक त्यांनाच अर्पण केलं आहे. नाटककार ज्या नटीसाठी पात्राचं लिंग बदलतो, तिला दुय्यम कोण म्हणेल?

'म्हाताऱ्या बाईची भेट' हेही दुरेनमाट यांचंच. त्यातली क्लेअर गीझेबाईंनी २९ जानेवारी १९५६ ला, झुरिकच्या पहिल्या प्रयोगात केली. ही अब्जाधीश म्हातारी आपल्या गरीब झालेल्या गावी येते आणि तरुणपणी तिला फसवणाऱ्या माणसाच्या जिवाच्या बदल्यात गावाला एक अब्ज देऊ करते. तिचा एक पाय आणि एक हात कृत्रिम आहे. नेहमीची चूक अशी, की नटी पहिल्या अंकात लंगडते आणि तिसऱ्यात विसरते. तालमीत त्या गुडघ्यामागे फूटभर लाकडी पट्टी कापडानं बांधा. पायरी चढताना चांगला पाय आधी, उतरताना कृत्रिम आधी. एवढा नियम पाळला की पाय खरा वाटतो. कृत्रिम हाताची बोटं एकाच ठेवणीत ठेवा, त्यानं काही उचलू नका, दुसऱ्या हातानं तो मांडीवर ठेवा. आणि रागावू नका. क्लेअरनं राग केव्हाच विकत घेऊन टाकलाय. ती फक्त वाट पाहते.

परवानगी कुणाची घ्यायची? (अनेक पत्रं)

भारतात लेखकाच्या मृत्यूनंतरच्या वर्षारंभापासून ६० वर्षं स्वामित्व हक्क राहतो. ब्रेख्तचं निधन १९५६ चं, त्यामुळे एकट्या त्याच्या नावावरची मूळ जर्मन नाटकं भारतात २०१७ पासून मुक्त आहेत. पण तुम्ही जर्मनवरून बसवणार नाही. ज्या मराठी, हिंदी किंवा इंग्रजी भाषांतरावरून बसवाल त्याच्या अनुवादकाचा हक्क वेगळा असतो. त्याची किंवा वारसांची लेखी परवानगी घ्या. संगीत पुन्हा वेगळं. बर्लिनच्या 'मदर करेज'चे संगीतकार पाउल डेसाउ १९७९ ला गेले, म्हणजे त्यांच्या चाली २०३९ अखेरपर्यंत बांधलेल्या आहेत. झुरिकच्या प्रयोगाचे बुर्कहार्ड १९७७ ला गेले, त्यांच्या २०३७ अखेरपर्यंत. स्वतःच्या चाली बांधणं सगळ्यात सोपं. दुरेनमाट १९९० ला गेले, त्यांची नाटकं २०५० अखेरपर्यंत परवानगीशिवाय करता येत नाहीत. जर्मनीत मुदत ७० वर्षांची आहे, म्हणून प्रयोगाचं चित्रीकरण इंटरनेटवर टाकण्याआधी थांबा. ब्रेख्तसाठी तिथली मुदत २०२६ अखेर संपते.

कोल्हापूर, सांगलीकडे प्रयोग न्यायचा असेल तर महाराष्ट्रात रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचं प्रमाणपत्र लागतं. संहितेची स्वच्छ, पानक्रमांक घातलेली प्रत जोडा. नंतर संवाद बदलले तर ते मंजूर संहितेत नसतात, हे लक्षात ठेवा.

एकही वाक्य नसलेली भूमिका मिळाली आहे. नाही म्हणू का? (विद्यार्थिनी, खानापूर)

म्हणू नका. लुई माल यांच्या 'लाकोंब, ल्युसियाँ' (१९७४) या चित्रपटात गीझेबाईंनी लपून राहणाऱ्या ज्यू शिंप्याची आई केली आहे. १९४४ चा फ्रान्स, जर्मनांसाठी काम करणारा पोरगा घरात घुसलाय, आणि ही म्हातारी जवळजवळ काही बोलत नाही. पत्ते लावत बसते. पाहताना लक्ष द्या, पोरगा खोलीत आला की तिचे हात काय करतात. तुमच्या भूमिकेला हातात धरायचं एक काम शोधा, वाती वळणं, शेंगा सोलणं, काहीही. दुसऱ्याचं कुठलं वाक्य ऐकल्यावर ते काम थांबतं, एवढं एक ठिकाण ठरवा. एकच. पाच ठिकाणी थांबलात तर कुणी पाहणार नाही.

मुलगा म्युनिकला शिकतो. गीझेंशी संबंधित काय पाहता येईल? (बेळगाव)

माक्सिमिलियान रस्त्यावरचं कामरश्पीले अजून चालू आहे, जर्मन येत नसलं तरी त्यानं एखादा प्रयोग पाहावा. भुयारी रेल्वेच्या यू-५ मार्गावर नॉयपेर्लाख भागात 'तेरेझे-गीझे-आले' नावाचं स्थानकच आहे, नॉयपेर्लाख त्सेंट्रुमच्या पुढचं. कबर मात्र म्युनिकला नाही, झुरिकला आहे. प्राणिसंग्रहालयाकडे जाणाऱ्या ट्रामनं शेवटपर्यंत जायचं, शेजारीच फ्लुंटर्न दफनभूमी. त्याच दिवशी शहरात उतरून हाइमप्लाट्स चौकातलं शाउश्पीलहाउस पाहून होईल, करेजची गाडी पहिल्यांदा मंचावर आली ती तिथं.